‘अहमदनगर’ नीट, ‘जिल्हा’ मोडका

नेवासे तालुक्यातल्या एका माध्यमिक शाळेत २००६ साली आम्ही वार्षिकांकाचे काम पाहत होतो. संगणक कक्षात चार यंत्रे होती आणि चारही विंडोज एक्सपीवर चालत. मूळच्या पाथर्डी तालुक्यातल्या, नववीत शिकणाऱ्या एका मुलीने ऊसतोडीवर गेलेल्या आपल्या घरच्या माणसांविषयी लेख लिहिला होता. मराठी टंकनाची कुठूनशी फुकट मिळालेली एक छोटी आज्ञावली वापरून तिने तो नोटपॅडमध्ये उतरवला. शीर्षकाखाली गावाचा पत्ता होता. त्यातला ‘अहमदनगर’ हा शब्द पडद्यावर अगदी नीट दिसत होता. त्याआधीचा ‘जिल्हा’ मात्र मोडका होता. ज च्या उजव्या अंगाला सुटी वेलांटी, मग पाय मोडलेला ल, मग ह आणि काना. ‘आई’ नीट, ‘उसाचा फड’ नीट, ‘कोयत्यावर’ मोडका.

आम्ही मुलीला सांगितले की तुझी फाइल बिघडली आहे. शाळेने विकत घेतलेल्या मराठी पॅकेजमध्ये तिच्याकडून सगळा लेख पुन्हा टंकित करून घेतला. तो सुरेख दिसला आणि छापलाही गेला. दोन्ही फाइली एकाच सीडीवर राहिल्या.

अलीकडे त्या सीडीवरच्या फाइली आम्ही नव्या यंत्रावर उतरवून पाहिल्या. पॅकेजमधली सुरेख फाइल आज वाचता येत नाही. पडद्यावर रोमन अक्षरे, आकडे आणि विरामचिन्हे यांची खिचडी दिसते. बिघडलेली म्हणून बाजूला टाकलेली फाइल मात्र व्यवस्थित उघडली. ‘जिल्हा’ जागेवर, ‘कोयत्यावर’ही जागेवर. तिच्यातले एक अक्षरही मधल्या काळात कोणी दुरुस्त केलेले नाही. बदलली ती दुसरीच एक फाइल, जी मुलीच्या लेखात नव्हतीच. ती यंत्राच्या पोटात होती.

पुस्तकांची आणि शैक्षणिक साधनांची परीक्षणे या पानांवर येतात. या वेळी परीक्षणाला ती फाइल घेत आहोत. तिचे नाव यूएसपी१०.डीएलएल. (यंत्रावर ही नावे रोमन अक्षरांत असतात; इथे ती देवनागरीत देत आहोत.)

आधी ‘डीएलएल’ या शेपटीविषयी. ‘डीएलएल म्हणजे डायनॅमिक लिंक लायब्ररी’ एवढे वाक्य गाइडांत असते, मुले ते पाठ करतात आणि एक गुण मिळवतात. त्यातल्या ‘लायब्ररी’चे भाषांतर कोणी ‘ग्रंथालय’ असे करतो आणि तिथेच समजुतीचा घोटाळा सुरू होतो. ग्रंथालयातले पुस्तक एकाने नेले की दुसऱ्याला थांबावे लागते. इथे तसे काही नाही. आपल्या जिल्ह्यातला दाखला द्यायचा तर गुऱ्हाळ आणि साखर कारखाना यांचा देता येईल. प्रत्येकाने आपापल्या मळ्यात चरक आणि काहील बाळगायची ही एक पद्धत. प्रवरेच्या काठी लोणीला विठ्ठलराव विखे पाटील आणि धनंजयराव गाडगीळ यांच्या पुढाकाराने उभ्या राहिलेल्या सहकारी कारखान्याने १९५०-५१ च्या हंगामात दुसरी पद्धत दाखवली: ऊस ज्याचा त्याचा, यंत्र सगळ्यांचे. आज्ञावल्याही या दोन्ही पद्धतींनी बांधता येतात. लागणारी सगळी सामग्री स्वतःच्याच पोटात घेऊन आलेली आज्ञावली म्हणजे गुऱ्हाळवाली. ‘अमुक काम मी करणार नाही, ते अमुक नावाच्या फाइलीकडून करून घेईन’ अशी यादी घेऊन आलेली आज्ञावली म्हणजे कारखान्याची सभासद.

पण हा दाखलाही पुरता लागू पडत नाही. कारखान्याच्या दारात बैलगाड्यांची रांग लागते. सामायिक फाइलीच्या दारात रांग नसते. वर्गातल्या भिंतीवर टांगलेल्या पाढ्यांच्या तक्त्याचा दाखला आम्हाला अधिक बरा वाटतो. तक्ता एकच. चाळीस मुले एकाच वेळी त्याच्याकडे पाहतात आणि ज्याची त्याची बेरीज ज्याच्या त्याच्या वहीत होते. सामायिक फाइलीतल्या सूचनांची स्मृतीत एकच प्रत असते, ती अनेक आज्ञावल्या वाचतात, आणि प्रत्येकीची माहिती मात्र वेगळ्या वहीत राहते. तक्त्यात सातचा पाढा चुकला तर चाळीसही मुले एकदम चुकतात. तो एकदा दुरुस्त केला की चाळिसांचे गणित सुधारते. आणि एखाद्या मुलाने जुन्या चुकीच्या पाढ्यावरच पुढची गणिते रचली असतील तर तक्ता सुधारल्यावर त्याचे बिघडते. सामायिक फाइलींच्या बहुतेक सगळ्या कटकटी या तक्त्यात दिसतात.

ही कल्पना जुनी आहे. विंडोजमध्ये ती १९८५ च्या पहिल्या आवृत्तीपासून आहे. नंतरच्या आवृत्त्यांत कर्नेल३२, यूजर३२, जीडीआय३२ या तीन डीएलएल फाइली म्हणजे घराचे खांब. पडद्यावर खिडकी उघडणारी जवळजवळ प्रत्येक आज्ञावली त्यांचा आधार घेते. लिनक्समध्ये अशा फाइलींच्या नावाला ‘.सो’ जोडलेले असते. वर्गात दाखवायचे असेल तर कोणत्याही डीएलएल फाइलीची प्रत काढून (मूळ फाइलीला हात न लावता) ती प्रत नोटपॅडमध्ये उघडावी. अगम्य चिन्हांच्या गर्दीत सुरुवातीलाच ‘एमझेड’ ही दोन अक्षरे दिसतील. मार्क झ्बिकोव्स्की या मायक्रोसॉफ्टमधल्या अभियंत्याची ती आद्याक्षरे. थोडे पुढे, ही आज्ञावली डॉसमध्ये चालणार नाही, असे सांगणारे इंग्रजी वाक्य सापडेल. आज्ञा-खिडकीत ‘टास्कलिस्ट’, मग तिरपी रेघ आणि ‘एम’, मग फाइलीचे नाव असे टंकित केले तर ती फाइल या क्षणी कोणकोणत्या आज्ञावल्या वापरत आहेत याची यादी मिळते. कर्नेल३२ चे नाव देऊन पाहा. यादी पडद्याबाहेर जाईल. गाइडातल्या व्याख्येपेक्षा ही यादी अधिक काही शिकवते, असा आमचा अनुभव आहे.

आता आमची फाइल. १९९९ मध्ये आलेल्या इंटरनेट एक्स्प्लोररच्या पाचव्या आवृत्तीबरोबर आणि पाठोपाठ विंडोज २००० बरोबर ती लोकांच्या यंत्रांत शिरली. ‘युनिस्क्राइब’ हे तिचे पूर्ण नाव. तिचे काम समजण्यासाठी मराठी शब्द यंत्रात कसा साठवला जातो हे पाहावे लागेल.

युनिकोड संकेतात प्रत्येक मूळ अक्षराला एक क्रमांक आहे. १९९१ च्या युनिकोडमधली देवनागरीची मांडणी आपल्याकडच्या इस्की या भारतीय संकेताच्या १९८८ च्या आवृत्तीवर बेतलेली आहे. साठवण उच्चाराच्या क्रमाने होते. ‘जिल्हा’ हा शब्द ज, वेलांटी, ल, हलन्त, ह, काना असा सहा खुणांत साठतो. वेलांटी उच्चारात ज नंतर येते म्हणून साठवणीतही नंतर. लिहिताना मात्र ती ज च्या आधी काढायची. ‘कर्जत’ मध्ये र आणि हलन्त ज च्या आधी साठतात. दिसताना रफार होऊन ज च्या डोक्यावर चढतात. म्हणजे साठवण वेगळी, दर्शन वेगळे. एकातून दुसरे तयार करण्याचे नियम कोणाला तरी ठाऊक असावे लागतात. आपल्याला ते दुसरीच्या वर्गात ठाऊक होतात. विंडोजमध्ये ते या फाइलीला ठाऊक असतात.

तिच्या पोटात काही ठरावीक नावांची दारे आहेत: स्क्रिप्टआयटमाइझ, स्क्रिप्टशेप, स्क्रिप्टप्लेस, स्क्रिप्टटेक्स्टआउट. पहिले दार ओळीतला कोणता तुकडा कोणत्या लिपीतला हे वेगळे करते. दुसरे वेलांट्या पुढे आणते, रफार मागे नेते आणि जोडाक्षराचा आकार फाँटकडून मागून घेते. तिसरे प्रत्येक आकाराची जागा ठरवते आणि चौथे तो पडद्यावर उमटवते. लिपीचे नियम फाइलीकडे आणि अक्षराचे चित्र फाँटकडे, अशी कामाची वाटणी आहे. या वाटणीबद्दल आम्ही फाइलीच्या कर्त्यांना पूर्ण गुण देऊ. ‘आचार्यांना’ आणि ‘आचाऱ्यांना’ हे दोन शब्द लिहून पाहा. गुरुजन आणि स्वयंपाकी यांच्यातला फरक फक्त रफार आणि आडवा र यांच्यात आहे. प्रत्येक फाँट काढणाऱ्याने, प्रत्येक खेळ किंवा हिशेबाची आज्ञावली लिहिणाऱ्याने हा फरक नव्याने शिकावा, यापेक्षा तो एका जागी नीट लिहून ठेवणे कधीही चांगले.

याच्या उलट रचना आमच्या त्या मराठी पॅकेजची होती. एका फाँटमध्ये २५६ खाने, त्यांतलेही काही राखीव. त्या खान्यांत अर्धा क, उभी रेघ, वेलांटीचे दोन-तीन आकार, रफार असे अक्षरांचे अवयव भरलेले. इंग्रजी ‘ए’च्या खान्यात एखादी मात्रा बसलेली असायची. टंकलेखकाने हे अवयव शेजारी शेजारी मांडले की शब्द दिसे. यंत्राच्या लेखी मात्र तिथे मराठी नव्हतेच. फाइलीत रोमन खान्यांचे क्रमांक होते. फाँट आहे तोवर ते मराठी, फाँट गेला की खिचडी. दुसऱ्या पॅकेजचा फाँट लावला तर निराळीच खिचडी, कारण प्रत्येकाने अवयव वेगळ्या खान्यांत ठेवलेले. या पॅकेजांनी दोन दशके मराठी छपाई चालवली, हे श्रेय त्यांना द्यायलाच हवे. त्या काळी संचालन प्रणालीकडून मदत मिळत नव्हती. त्याआधी आयआयटी कानपूरमध्ये सुरुवात होऊन पुढे पुण्याच्या सी-डॅकने वाढवलेले जिस्ट कार्ड होते. त्यात लिपीचे ज्ञान चक्क यंत्रात बसवायच्या पत्त्यावर असे आणि साठवण इस्की संकेतात होई. म्हणजे ज्ञान एका जागी आणि मजकूर निखळ, ही वाट आपल्याकडे आधीच चोखाळलेली होती. स्वस्त फाँट आले आणि ती सुटली.

आमच्या शाळेची १९९८ ते २००६ या वर्षांतली प्रश्नपत्रिकांची जवळजवळ सगळी साठवण अशा फाँटमधली आहे. रूपांतर करणाऱ्या आज्ञावल्या मिळतात आणि आम्ही त्या वापरल्याही, पण रफार आणि अनुस्वार यांच्या इतक्या चुका उरतात की प्रत्येक पान पुन्हा वाचावे लागते. आठ वर्षांच्या त्या प्रश्नपेढीतल्या निम्म्याहून अधिक पत्रिका आम्ही अखेर सोडून दिल्या.

इतके गुण दिल्यावर आता दोष. पहिला दोष आमच्या चार यंत्रांवर दिसत होता. एक्सपीमध्ये भारतीय लिप्यांची व्यवस्था मुळात चालू केलेली नसे. नियंत्रण पटलात भाषांच्या खिडकीत जायचे, ‘जटिल लिप्यांसाठी’ फाइली बसवा अशा अर्थाच्या चौकटीत खूण करायची, मग यंत्र मूळ सीडी मागे. जागा लागायची दहा मेगाबाइटच्या आसपास. आमच्या विक्रेत्याने सीडी दिलीच नव्हती, त्यामुळे खूण करून उपयोग नव्हता; खरे तर खूण करायची असते हेच आम्हाला ठाऊक नव्हते. स्मृती महाग होती, सगळ्यांवर सगळ्या लिप्या कशाला लादायच्या, हा निर्मात्यांचा विचार समजू शकतो. पण ‘जटिल’ हा शब्द कोणाच्या बाजूने ठरवला, असा प्रश्न पडतोच. रोमन लिपी ही मूळ आणि बाकीच्या जटिल, ही विभागणी त्या चौकटीत दडलेली होती. २००७ च्या व्हिस्टापासून व्यवस्था आपोआप चालू असते आणि चौकट गेली.

दुसरा दोष अधिक फसवा. त्याच यंत्रावर तोच लेख वर्डमध्ये उघडला तर नीट दिसे, नोटपॅडमध्ये मोडका. इंटरनेट एक्स्प्लोररमध्ये पानावर शब्द नीट आणि वरच्या शीर्षकपट्टीत तोच शब्द मोडका. आम्ही चक्रावलो होतो. खुलासा असा: वर्ड आणि एक्स्प्लोररचे पान युनिस्क्राइबला थेट विचारत. वर्डने तर ऑफिसबरोबर तिची स्वतःची नवी प्रत आणलेली होती. नोटपॅड आणि शीर्षकपट्टी अक्षरे काढण्याचे काम संचालन प्रणालीवर सोपवत. आणि ती चौकटीत खूण असेल तरच लिपीच्या नियमांकडे वळे. म्हणजे एकाच यंत्रात एकाच नावाच्या दोन फाइली, आतला मजकूर वेगळा, आणि कोण कोणती वापरतो हे बाहेरून कळायला मार्ग नाही. नावावरून आवृत्ती कळत नाही; फाइलीवर उजवी कळ दाबून गुणधर्म पाहावे लागतात. लिनक्सच्या जगात इथे थोडी शिस्त आहे: फाइलीच्या नावाच्या शेवटी आकडा असतो आणि जुन्या आज्ञावल्यांना दिलेला शब्द मोडेल असा बदल केला तर आकडा बदलायचा, असा संकेत पाळला जातो.

आमच्या एका उत्साही सहकाऱ्याने तेव्हा ऑफिसच्या फोल्डरातली नवी प्रत उचलून सिस्टिम३२ मध्ये टाकली. काही क्षणांत जुनी परत हजर. त्याने पुन्हा टाकली, पुन्हा तेच. आम्ही सगळे व्हायरस समजून हादरलो आणि दोन दिवस यंत्र बंद ठेवले. व्हायरस नव्हता; विंडोज २००० पासून मूळ फाइलींवर पहारा बसवलेला होता आणि डीएलएलकॅश नावाच्या फोल्डरात ठेवलेली प्रत तो पहारेकरी परत आणून ठेवी. त्याला कारण होते. विंडोज ९५ आणि ९८ च्या काळात कोणतीही नवी आज्ञावली बसवताना ती सामायिक फाइलीची आपल्याबरोबर आणलेली जुनी प्रत नव्यावर बिनदिक्कत चढवी आणि कालपर्यंत चालणाऱ्या दुसऱ्याच आज्ञावल्या बंद पडत. एक्सपीने २००१ मध्ये एकाच फाइलीच्या अनेक आवृत्त्या शेजारी शेजारी ठेवण्याची सोय केली. ती उपयोगी आहे, पण सामायिक ठेवण्याचा मूळ हेतू तिने थोडा पातळ केला. सहकाऱ्याचा प्रयोग यशस्वी झाला असता तरी नोटपॅड सुधारले नसते, हे आज कळते: तक्ता नवा टांगून काय उपयोग, त्या यंत्रात भिंतीकडे पाहायचे अशी सूचनाच नव्हती.

‘अमुक डीएलएल सापडत नाही’ अशी पाटी आली की ती फाइल कुठून तरी उतरवून घेऊन सिस्टिम३२ मध्ये टाकायची, हा उपाय अजूनही सुचवला जातो. तो करू नये. संचालन प्रणाली प्रामुख्याने नाव पाहते आणि दारांची नावे पाहते. आत काय चालते हे तिला कळतेच असे नाही. २०१० मध्ये उघडकीला आलेल्या स्टक्सनेटने हेच केले. इराणमधल्या नतान्झ येथील युरेनियम समृद्धीच्या यंत्रांवर रोख असलेल्या या घातक आज्ञावलीने सीमेन्सच्या नियंत्रण प्रणालीतली एक डीएलएल फाइल बाजूला सारून त्याच नावाची आपली फाइल बसवली. मूळ फाइलीला १०९ दारे होती. नव्या फाइलीने त्यांतली ९३ तशीच मूळ फाइलीकडे वळवली आणि १६ दारांत आपला माणूस बसवला. वरून सगळे सुरळीत. हीच युक्ती सरळ कामासाठीही वापरतात. आजच्या विंडोजमध्ये यूएसपी१०.डीएलएल ही फाइल आहे, पण तिच्यातले मूळ काम दुसऱ्या फाइलीत हलवलेले आहे. जुन्या आज्ञावल्या जुने दार ठोठावतात आणि ही फाइल त्यांना नव्या पत्त्यावर पाठवते. दारावरची पाटी जुन्या सभासदांसाठी ठेवली आहे. दिलेला शब्द इतकी वर्षे पाळणे ही विंडोजची मोठी जमेची बाजू आहे, आणि सिस्टिम फोल्डरातल्या अडगळीचे एक कारणही. (६४ बिटांच्या विंडोजमध्ये ६४ बिटांच्या फाइली ‘सिस्टिम३२’ नावाच्या फोल्डरात असतात आणि ३२ बिटांच्या फाइली नावात ‘६४’ असलेल्या फोल्डरात. मुलांनी विचारले तर हसून सांगावे.)

तिसरा दोष या एका फाइलीचा नाही, सामायिकपणाचाच आहे. फेब्रुवारी २०१८ मध्ये आयफोनवर एक तेलुगू जोडाक्षर आले की संदेश दाखवणारी आज्ञावली कोसळत असे. संदेश कोणत्याही मार्गाने येवो, अक्षर दाखवण्याची वेळ आली की पडझड. ते जोडाक्षर म्हणजे तेलुगूतला ‘ज्ञा’, मध्ये न दिसणारी एक विलगक खूण घातलेला. बंगाली आणि देवनागरीतल्याही काही जोड्यांनी तेच घडते असे मागाहून आढळले. सगळ्या आज्ञावल्या एकाच सामायिक व्यवस्थेकडून अक्षरे काढून घेत होत्या आणि ती व्यवस्था त्या जोडाक्षरावर अडखळत होती. शके १२१२ मध्ये ज्या गावी ज्ञानेश्वरी सांगितली गेली असे परंपरा मानते, त्या नेवाशात बसून ही बातमी वाचताना आम्हाला गंमत वाटली, आणि थोडी धास्तीही. पण त्याच महिन्यात ११.२.६ ही आवृत्ती आली आणि संदेशाच्या, गप्पांच्या, टपालाच्या कोणत्याही आज्ञावलीत काहीही न बदलता सगळ्या एकदम सुधारल्या.

चौथा दोष गुप्ततेचा. युनिस्क्राइबमधले नियम आपल्याला वाचता येत नाहीत. काही चुकले तर निर्मात्यांनी सुधारेपर्यंत थांबायचे. याला पर्याय म्हणून मुक्त आज्ञावलींच्या जगात हार्फबझ तयार झाले. बेहदाद एस्फाबोद हे त्याचे प्रमुख कर्ते. फारसीत ‘हर्फ’ म्हणजे अक्षर आणि ‘बाज’ म्हणजे उघडे. अँड्रॉइड फोन, फायरफॉक्स, क्रोम आणि लिबरऑफिस यांत मराठी दिसते ती या सामायिक संचाच्या जोरावर. त्यातले देवनागरीचे नियम कोणालाही उघडून पाहता येतात आणि चूक दाखवून देता येते. आमच्या मते अकरावी-बारावीच्या संगणक विषयाच्या विद्यार्थ्याला व्याकरण आणि संगणक यांची गाठ घालून देणारे याहून चांगले वाचन नाही, जरी ते सोपे नसले तरी.

एक गोष्ट मात्र सामायिक फाइल कितीही चांगली असली तरी तिच्या हातात नसते: तिला विचारणे. चित्रे आणि फलक मांडण्याच्या काही आज्ञावल्या तिला विचारत नाहीत, आपले स्वतःचे गुऱ्हाळ चालवतात. मग चौकातल्या फलकावर ‘हार्दिक’ मधली वेलांटी आणि रफार दोन दिशांना गेलेले दिसतात. पीडीएफमधून मराठी मजकूर उचलून दुसरीकडे चिकटवला तर पुष्कळदा असाच मोडतो, कारण तिथे दर्शन उरलेले असते आणि साठवणीचा क्रम हरवलेला असतो. वर्गात करून दाखवायला हा नमुना सहज मिळतो.

दुसरा प्रयोग फळ्यावर करता येतो. जिल्ह्याच्या चौदा तालुक्यांची नावे लिहा: अकोले, संगमनेर, कोपरगाव, राहाता, श्रीरामपूर, नेवासे, शेवगाव, पाथर्डी, नगर, राहुरी, पारनेर, श्रीगोंदे, कर्जत, जामखेड. लिपीचे नियम ठाऊक नसलेल्या यंत्रावर यांतली कोणती नावे मोडतील, असे मुलांना विचारा. उत्तर चार येते: श्रीरामपूर, पाथर्डी, श्रीगोंदे, कर्जत. बाकीच्या दहांत जोडाक्षर नाही, रफार नाही आणि ऱ्हस्व वेलांटीही नाही. मात्रा फार तर थोडी इकडेतिकडे होईल. जिल्ह्याच्या जुन्या नावात तर काना-मात्राही नाही. ‘अहमदनगर’ म्हणजे सात सुटी अक्षरे, साठवण तीच आणि दर्शनही तेच. म्हणून ते आमच्या अर्धवट यंत्रांवरही नीट दिसले आणि यंत्रे ठीक आहेत असे आम्हाला वाटत राहिले. २०२४ मध्ये जिल्ह्याचे नाव ‘अहिल्यानगर’ झाले. त्यात ऱ्हस्व वेलांटी आहे, अर्धा ल आहे, साठवणीत दहा खुणा आहेत. अडगळीच्या खोलीत एक्सपीचे यंत्र असेल तर इंटरनेटला न जोडता त्यावर ही दोन्ही नावे नोटपॅडमध्ये एकाखाली एक उघडून दाखवावीत.

त्या मुलीचा लेख आम्ही आता पूर्ण वाचला. नोटपॅडमधल्या प्रतीत छापील अंकापेक्षा दोन परिच्छेद जास्त आहेत. पुन्हा टंकित करताना वेळ नव्हता म्हणून तिने ते गाळले असावेत. त्यातल्या एकात फडावरच्या कोपीत पाऊस आला त्या रात्रीचे वर्णन आहे. ‘पाथर्डी’ तिने प्रत्येक वेळी ऱ्हस्व लिहिले आहे. २००६ मध्ये सगळेच मोडलेले दिसत होते, त्यामुळे ती चूक आमच्या नजरेला पडलीच नव्हती.